नारिंगी होडीतले आबा

कुठलंही झाड दिसलं की आबा आधी त्याला अंगठ्याचं नख लावायचे. खोडात नख रुतवायचं, बाहेर आलेला थेंब बोटावर घ्यायचा, हुंगायचा आणि मान हलवायची. झाड पसंत पडलं की नाही ते कळायला काही मार्ग नसायचा, कारण त्यानंतर येणारं वाक्य दोन्ही वेळेला एकच. "देखू मंग."

देखू मंग म्हणजे बघू नंतर. लग्नाचं आमंत्रण आलं, देखू मंग. दाढ ठणकतेय, देखू मंग. एकदा मी विचारलं, "आबा, जेवताय ना?" तरी देखू मंग, आणि हात तोवर ताटातल्या पापडावर पोचलेला.

आबांना जाऊन आता वर्ष होत आलं, म्हणून तर मी हे बिनधास्त लिहितेय. असते तर कागद हातात घेऊन ऑफिसात येऊन उभे राहिले असते. "ताई, हाई काय लिखं तू?" आणि मी, जी भल्याभल्यांना तोंडावर गप्प करते, ती कानकोंडी होऊन चहा मागवायला पळाले असते.

ऑफिस कसलं म्हणा. जळगावात एका जिन्याखालची खोली. एक टेबल, दोन खुर्च्या, कोपऱ्यात प्लास्टिकचं झाड आणि मी. सहली मी काढते, तिकिटं मी काढते, सहलीत भांडणं झाली तर मी मिटवते, आणि खरं सांगायचं तर त्यातली निम्मी लावतेही मीच. स्वभावच तापट, त्याला काय करणार?

तर एक दिवस भडगावकडचं एक जोडपं आलं. अक्का पुढे, आबा मागे. घरची केळीची बाग. अक्कांच्या हातात माझंच माहितीपत्रक होतं, चार घड्या पडलेलं. त्यांनी ते टेबलावर उलगडलं आणि एका फोटोवर बोट ठेवलं. दोन्ही बाजूंनी दाट झाडी, मध्ये हिरवं पाणी आणि त्यात एक निमुळती नारिंगी होडी. होडीत दोन माणसं, एकामागे एक, हातात वल्ही.

"मले आठे बसनं शे," अक्का म्हणाल्या आणि मागे उभ्या आबांकडे मान वळवली. "यास्नासंगे."

मी समजावून सांगितलं की हे अंदमान आहे. एक दिवस जंगलात गाईडबरोबर पायी फिरायचं, दुसऱ्या दिवशी खारफुटीच्या झाडांमधून अशा होडीतून वल्हवत जायचं. या होडीला कयाक म्हणतात. लांबचा प्रवास आहे, आधी रेल्वे, मग विमान, मग जहाज. अक्का सगळ्याला हो म्हणत होत्या. आबा तोवर कोपऱ्यातल्या झाडाशी गेले होते. त्यांनी नख लावलं. थेंब काही येईना. पुन्हा लावलं. मग माझ्याकडे वळून फार वाईट वाटल्यासारखं म्हणाले, "ताई, हाई तं मरेल शे."

"मेलेलं नाही आबा, प्लास्टिकचं आहे ते."

"तरी बी," आबा म्हणाले.

मी अंदमानचं विचारलं, तेव्हा अर्थातच देखू मंग. त्यावर अक्कांनी पदर खोचला. चाळीस वर्षं त्यांनी हेच ऐकलं होतं. केळीला पाणी द्यायचंय, देखू मंग. घड कापायचेत, देखू मंग. वादळात बाग आडवी झाली, देखू मंग. आता बाग मुलाच्या हातात होती आणि देखू मंगला काही निमित्तच उरलं नव्हतं. अक्कांनी दोघांची आधार कार्डं टेबलावर आपटली आणि मी लगेच नावं लिहून घेतली. अशा बायका मला फार आवडतात.

अठरा जणांचा आमचा ताफा निघाला. रेल्वेत आबा खुशीत होते. विमानातही खुशीत होते, खाली जमीन दिसत होती तोवर. मग निळं दिसायला लागलं तशी त्यांनी खिडकी बंद केली, आणि पलीकडच्या रांगेतल्या अनोळखी माणसालाही त्याची खिडकी बंद करायला लावली. जहाजात तर त्यांनी बरोब्बर मधली खुर्ची शोधली, दोन्ही हात दांड्यांवर आवळले, डोळे मिटले आणि दीड तास देवासारखे बसून राहिले. मला वाटलं पित्त झालंय. मी लिंबू नेऊन दिलं. ते त्यांनी डोळे न उघडता हुंगलं आणि म्हणाले, "साल पातळ शे."

दुसऱ्या दिवशी जंगल. तिथला गाईड पन्नाशीचा, पोट सुटलेला, घामाघूम आणि कमालीचा सोशिक माणूस होता. सगळ्यांशी हिंदीत बोलायचा. त्याने वाटेच्या तोंडाशीच तीन नियम सांगितले. कशाला हात लावायचा नाही, काही तोडायचं नाही, काही उचलायचं नाही. अठरा जणांनी माना डोलावल्या. तिसऱ्या पावलाला आबांचं नख एका झाडात होतं.

ती झाडं तुम्ही पाहायला हवीत. वर बघायला गेलं की डोक्यावरची टोपी पडते. बुंध्यापासून भिंतीसारखी मुळं निघालेली, एकेका मुळाआड माझ्यासारखी जाडी बाई सहज लपावी. वेल, वेत, ओला पाला, आणि हिरव्या रंगाचे इतके प्रकार की साडीच्या दुकानातही मिळणार नाहीत. आमची माणसं माना वर करून फोटो काढत सुटली. आबा तेवढे कमरेवर हात ठेवून, दुसऱ्याच्या शेतात बांधावर उभं राहून बघतात तसे बघत होते.

"इतली दाट लागवड?" ते गाईडला म्हणाले. "अंतर ठेवं नही का कोनी?"

मी हिंदीत सांगितलं. गाईड हसला. "किसी ने लगाया नहीं दादाजी. अपने आप उगा है."

"तेच तं!" आबा म्हणाले. "ध्यान नही कोनं."

मग त्यांना ठिबकच्या नळ्या कुठे आहेत ते बघायचं होतं. नळ्या नाहीत म्हटल्यावर मोटर कुठाय ते हवं होतं. इथे वर्षातले सात-आठ महिने पाऊस पडतो, कुणी पाणी देत नाही, असं गाईडने सांगितलं, तेव्हा आबा एका आडव्या लाकडावर बसूनच गेले. "लाईटबिगर?" त्यांनी मला तीनदा विचारलं. जन्मभर विजेच्या वेळा सांभाळत उठणाऱ्या माणसाला हा सरळ सरळ अन्याय वाटत होता.

तेवढ्यात त्यांना ती दिसली. रानटी केळ. उंच, किडमिडी, वाळकी पानं अंगाभोवती लोंबताहेत आणि टोकाला बोटाएवढ्या केळ्यांचा एक बारकासा घड. आबा लाकडावरून उठले ते तिच्याजवळ जाऊन उभे राहिले. चेहरा असा, की जणू घरातून पळून गेलेला पुतण्या लांबच्या शहरात फाटक्या कपड्यांत भेटलाय. काही बोलायच्या आत त्यांनी तिची वाळकी पानं ओढून काढायला सुरुवात केली.

"दादाजी, हाथ मत लगाइए!" गाईड धावला.

"आमना घरनी शे," आबा म्हणाले आणि दुसरं पान ओढलं.

त्यात अर्धा तास गेला. खोडाभोवतीची पिलं कुणीच काढलेली नाहीत, मग घड पोसणार कसा, यावर आबांचं भाषण झालं. पिलं म्हणजे केळीच्या बुडाशी फुटणारे नवे कोंब. ते वेळेवर छाटले नाहीत तर आईचं जेवण तेच खाऊन टाकतात. उरलेले सतरा जण डास मारत उभे होते. माझं डोकं तापलं. "आबा, पुरे आता!" असं मी इतक्या मोठ्याने ओरडले की एक पक्षी उडाला, आणि गाईड म्हणाला तो फार दुर्मीळ पक्षी होता, सहसा दिसत नाही.

परतताना अक्कांनी मला बाजूला घेतलं. "ताई, रागे नको भरू. ते घाबरेल शेतस."

मला कळेना. जंगलाला घाबरलेत? छे! पाण्याला. या माणसाने उभ्या आयुष्यात केळीला पाणी भरलं, पण स्वतः कधी गिरणा नदीत घोट्याच्या वर उतरला नव्हता. लहानपणी काही झालं होतं का, तर तेही नाही. नुसती भीती. उद्याची होडी जितकी लांबेल तितकी लांबवायची म्हणून आज त्यांनी जंगलातलं एकेक झाड तपासलं होतं.

"मग असं करू," मी म्हटलं. "त्यांना किनाऱ्यावर बसू दे. होडीत तुम्ही आणि मी बसू."

अक्का माझ्याकडे बघतच राहिल्या. "तुले मी काय सांगू?"

तेव्हा कुठे मला त्या फोटोचा उलगडा झाला. अक्कांना आबांना काहीतरी सांगायचं होतं. काय ते त्या बोलल्या नाहीत, मीही विचारलं नाही, आणि न विचारणं मला किती जड गेलं असेल ते मला ओळखणाऱ्यांनी समजून घ्यावं. पण घरात त्या बोलायला लागल्या की आबा उठून मळ्यात जात. जेवताना बोलावं तर हात धुवून उठत. चाळीस वर्षं असं चाललं होतं. मग माझ्या माहितीपत्रकात त्यांना ती होडी दिसली. "नावमाईन उठीसन कोठे जातीन?" अक्का म्हणाल्या. होडीतून उठून मळ्यात जाता येत नाही. मी त्या बाईला मनातल्या मनात हात जोडले.

दुसऱ्या दिवशी सकाळी लाकडी धक्क्यावर नारिंगी कयाक ओळीने बांधलेल्या. आबांनी लाईफ जॅकेट घातलं, त्यावर स्वतःचा गमछा आवळून बांधला, आणि मग आठवल्यासारखं केलं की मुलाला फोन करायचा राहिला. रेंज नव्हती. मग पोटात कळ आली. मग गाईडला त्यांनी शंभर प्रश्न विचारले. आमची बाकीची मंडळी दुसऱ्या गाईडबरोबर पुढे गेली. अक्का जॅकेट घालून धक्क्यावर बसून राहिल्या. मी म्हटलं, गाईडबरोबर जाता का? त्यांनी मान हलवली. "यास्नासंगे. नहीतं मी आठेच बरी."

आबांनी अक्कांकडे पाहिलं. आणि एकदम, कुणाला काही कळायच्या आत, मांडी घालून देवाच्या पाटावर बसतात तसे होडीत बसले.

वजनदार माणूस मागे, हलका पुढे, हा तिथला नियम. म्हणजे अक्का पुढे, आबा मागे. मी आणि गाईड शेजारच्या होडीत. निघालो. पाणी मोठ्या हौदासारखं थंड आणि स्तब्ध होतं, खोली जेमतेम कमरेइतकी. वरून फांद्यांचं छप्पर. अक्का छान वल्हवत होत्या. आबांनी वल्हं छातीशी धरलं होतं आणि डोळे गच्च मिटले होते. अक्कांनी घसा खाकरला. "ऐकी ऱ्हायनात ना?" त्या पुढे बघतच म्हणाल्या.

मी गाईडला खूण केली की जरा अंतर ठेव. आणि नेमका त्याच वेळी आबांनी एक डोळा उघडला.

ओहोटी होती. खारफुटीची मुळं उघडी पडली होती. तुम्ही पाहिली असतील तर ठाऊक असेल, पाणी उतरलं की ती झाडं लुगडं गुडघ्यापर्यंत खोचून उभी असल्यासारखी दिसतात, सगळी मुळं बाहेर. केळीवाल्या माणसाला उघडं मूळ दिसणं म्हणजे घराला आग लागलेली दिसणं. मुळं उघडी पडली की पहिल्या वाऱ्याला झाड आडवं. माती लावायची, बुंध्याला भर द्यायची, यात त्यांचे सगळे उन्हाळे गेले होते.

"अरे, मुळ्या उघड्या शेतस बठ्ठ्या!" आबा किंचाळले.

होडीचं मागचं टोक चिखलाला टेकलं होतं. आबा उठले आणि सरळ उतरले. पाणी नाही, भीती नाही, काही नाही. मांडीपर्यंत चिखलात उभे राहून दोन्ही हातांनी गाळ उपसून मुळांवर थापायला लागले. मी हाका मारतेय, गाईड हाका मारतोय, आबा आपले थापताहेत. मग त्यांचं लक्ष झाडाभोवती चिखलातून वर आलेल्या टोकदार कोंबांकडे गेलं. शेकडो होते. "पिलं!" असं म्हणून त्यांनी एक धरून उपटायला घेतलं.

"दादाजी, नहीं!" गाईड होडीत जवळजवळ उभाच राहिला. "वो साँस लेता है! पेड़ उसी से साँस लेता है!"

मी भाषांतर केलं. हा कोंब नाही आबा, हे झाडाचं नाक आहे. चिखलात हवा नसते म्हणून झाड मुळं वर काढतं. आणि तुम्ही थापलेल्या गाळाने त्याचा जीव गुदमरेल. आबांचा हात जागच्या जागी थांबला. आपण एखाद्याचं नाक धरून ओढत होतो हे लक्षात आल्यावर माणूस जसा ओशाळेल तसे ओशाळले. झाडाला दोन्ही हात जोडले. मग थापलेला सगळा गाळ काढून, एकेक मूळ पाण्याने धुवून दिलं. ते झालं आणि मग त्यांना कळलं की आपण पाण्यात उभे आहोत. त्यांनी एका मुळाला मिठी मारली आणि डोळे मिटले.

"आणि अक्का?" मी म्हटलं.

नारिंगी होडी तिथे नव्हती. मागचं वजन उतरल्यावर ती हलकी होऊन अक्कांच्या वल्ह्यासरशी सुळकन निघाली होती. अक्कांना पत्ताच नाही! पुढे बसणाऱ्याला मागचं दिसत नाही, जॅकेटची कॉलर कानापर्यंत आलेली, काल दिवसभर आबांना मारलेल्या हाका ऐकून कान सरावलेले, आणि त्यांचं बोलणं सुरू झालेलं. वळणापलीकडून त्यांचा आवाज येत होता. शब्द कळत नव्हते. एकसारखं, शांत, मधूनच थांबून.

गाईड म्हणाला, तो झाडांचा एक पुंजका आहे, वळसा घालून पाणी इथेच येतं, घाबरायचं कारण नाही, तरी मी जाऊन आणतो. आबा डोळे मिटलेले असतानाच म्हणाले, "नको. बोलू द्या तिले."

मग आम्ही तिघं थांबलो. आवाज झाडांमागून फिरत होता. मध्येच अक्का हसल्या. मध्येच बराच वेळ काहीच नाही, आणि तेव्हा आबांनी मूळ जास्तच घट्ट धरलं. मग पुन्हा आवाज, बारीक. "काय सांगी ऱ्हायनी?" आबांनी मला विचारलं. मला कुठून ऐकू येणार? पण आयुष्यात कधी नव्हे ते मीही कान देऊन गप्प बसले होते.

दहा मिनिटांनी पलीकडच्या बाजूने नारिंगी टोक आलं. अक्कांचा चेहरा धुतल्यासारखा झाला होता. त्यांनी समोर पाहिलं. चिखलाने माखलेला नवरा झाडाला मिठी मारून उभा.

"तुम्ही तठे?" त्या म्हणाल्या. "मंग मांगे कोन शे?"

अक्कांनी वळून पाहिलं. मागची जागा रिकामी. आडवं पडलेलं वल्हं.

मला हसू आलं. हो, आलं, खोटं कशाला बोलू? गाईडने तोंड फिरवलं, त्याचे खांदे हलत होते. पण अक्कांकडे पाहिलं आणि मी हसू आवरलं. चाळीस वर्षं साठवलेलं सगळं त्या एका रिकाम्या जागेला सांगून आल्या होत्या.

"मी बठ्ठं सांगी टाकं," त्या म्हणाल्या आणि आबा मागे बसताच किनाऱ्याकडे वल्हवायला लागल्या.

परतीच्या प्रवासात आबा त्यांच्या मागे लागले. जहाजात डोळे मिटून, "काय सांगं तू?" विमानात, "थोडंसं तं सांग." रेल्वेत जळगाव येईपर्यंत त्यांनी तीन वेळा चहा आणून दिला, एकदा तर फलाटावर उतरून गरम भजी आणली आणि गाडी सुटता सुटता चढले. अक्कांनी भजी खाल्ली. सांगितलं मात्र नाही.

पुढच्या वर्षी हिवाळ्यात आबा ऑफिसात एकटेच आले. "दोन जागा लिख," म्हणाले. मी म्हटलं कुठल्या? तेच अंदमान, तीच होडी. मी खुर्चीत सरळ झाले. "आबा, घरी विचारा ना हो अक्कांना!"

"घर मा सांगस नही." त्यांनी खाली पाहिलं. "म्हनस, नावमाच सांगसू. शेवटपर्यंत बसनार असशात तं."

आणि मग त्यांनी मला हळूच सांगितलं की सराव चालू आहे. मळ्यात केळी धुवायचा मोठा टब असतो, भरलेला. रोज दुपारी ते त्यात मांडी घालून बसत होते, हातात वल्ह्याऐवजी बांबू. केळी कापणारे मजूर बाजूला बसून बघायचे. पहिल्या दिवशी दोन मिनिटं बसले, आता पाऊण तासावर आले होते. सुनेने व्हिडिओ काढला होता, तोही दाखवला. व्हिडिओत टबातल्या आबांभोवती केळीच्या फण्या तरंगत होत्या आणि अक्का मागे पाठमोऱ्या भाकरी थापत होत्या, मुद्दाम न बघता.

गेलो आम्ही. तोच धक्का, तोच सोशिक गाईड. आबांना पाहून त्याने आधी आकाशाकडे पाहिलं. आबा या वेळी फोन, कळ, काही न काढता बसले. अक्का पुढे, आबा मागे. मी आणि गाईड धक्क्यावरच थांबलो, मीच त्याला थांबवलं. ओहोटी होती. दोन्ही काठांनी मुळं उघडी पडली होती, आणि आबा सरळ समोर, अक्कांच्या पाठीकडे बघत होते.

होडी वळणाशी पोचली तेव्हा अक्कांनी वल्हवणं थांबवलं. त्यांचा आवाज आमच्यापर्यंत आला नाही, नुसती मान जराशी हलताना दिसली. मग आबांनी स्वतःचं वल्हं अलगद मांडीवर ठेवलं, होडीची कड धरलेला हातही सोडला, आणि नीट ऐकू यावं म्हणून दोन्ही हात कानांमागे धरून पुढे वाकले.